पांढऱ्यावरचं कुंकू

सून दसऱ्याला मिक्सरला कुंकवाचं बोट लावते, तेव्हा मला अंबरनाथच्या आमच्या वर्कशॉपात दुरुस्तीला आलेला तो रोटर आठवतो. एका मोठ्या कंपनीच्या टर्बाइनचा गरगर फिरणारा दांडा, माणसाएवढा लांब, अंगभर पाती. दसऱ्याला आम्ही त्याचीही पूजा केली होती आणि दुसऱ्या दिवशी दुपारी त्याची शेवटची तपासणी होती. नियम असा, की पात्यांना लाल रंग मारायचा, मुरू द्यायचा, स्वच्छ पुसायचा, मग पांढरी फवारणी करून गप थांबायचं. कुठं चीर असली तर आत मुरलेला रंग वर येतो आणि तसा रोटर चालवायचा नाही, नाहीतर वेगात पातं तुटून गोळीसारखं उडतं. सगळी शेड रॉकेलसारख्या वासानं भरली होती. बघता बघता एका पात्याच्या मुळाशी पांढऱ्यात लाल ठिपका उगवला. शेठ म्हणाला, "अरे, कालचं कुंकू आहे ते. पूस आणि भर टेम्पोत." रोटर न्यायला आलेला कंपनीचा ऑपरेटर हसला, "मामा, तुमच्या देवीला आमचं मशीन आवडलेलं दिसतंय." मी पुसलं, पुन्हा पांढरं मारलं. तिथंच लाल उगवलं आणि नुकत्या कापलेल्या बोटातल्या रक्तासारखं हळूहळू लांबत गेलं. ऑपरेटर मागं सरला. "ह्याच्याच बाजूला उभा असतो मी," एवढंच पुटपुटला. मी म्हटलं, "शेठ, कुंकू एकदा पुसलं की येत नाही. हे येतंय. रोटर इथून हलणार नाही." आणि नाहीच हलू दिला. आजही सून पाठमोरी झाली की मी मिक्सरवरचं ते बोट पुसतो, आणि परत उगवतंय का, ते बघत उभा राहतो.