करदोड्याची किल्ली

ती साखळी अजून माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. निवृत्तीच्या थोडं आधीची गोष्ट. लोहा भागात ठाणेदार होतो. सकाळची हजेरी चालू असताना एका आशाताईंचा फोन आला. शेतातल्या आखाड्यावर, म्हणजे गोठ्याच्या वस्तीवर, एका माणसाला साखळीने बांधून ठेवलंय.

जमिनीच्या वाटणीसाठी भावाने डांबलं असणार, असं धरूनच निघालो. गोठ्याच्या खांबाला चाळिशीचा माणूस बांधलेला. अंगावर धुतलेले कपडे, शेजारी झाकून ठेवलेली भाकरी. ज्याला छळायचं त्याचे कपडे कोणी धूत नाही, म्हणून मला खटकलं.

तिथेच उभ्या असलेल्या त्याच्या धाकट्या भावाला बाजूला घेतलं. ‘माणसाला असं डांबणं गुन्हा आहे, ठाऊक आहे ना? किल्ली काढ.’ तो खांबाकडे बघू लागला. बोलला तो बांधलेलाच.

‘त्याला कामून रागावून राहिले साहेब? किल्ली माझ्यापाशी हाय.’ त्याने सदरा वर केला. किल्ली त्याच्याच करदोड्याला होती. ‘कानात बोलणं सुरू झालं की पाय हिरीकडं वळतेत. तवा मीच लावून घेतो.’

बेड्या मी पुष्कळांना घातल्या. स्वतःला घालून घेणारा हा पहिलाच.

‘मग डॉक्टरला का नाही दाखवलं?’ माझा आवाज चढला. आता त्याची आई पुढे आली. ‘याच्या चुलत्याला तुमच्याच गाडीनं नेलं व्हतं. गेला तो गेलाच. आमी कुणाला इचारावं?’

म्हातारीचं खोटं नव्हतं. पूर्वी वेडसर माणसाला पकडायचं, कोर्टापुढे उभं करायचं, दूरच्या मनोरुग्णालयात पोचवून पोच घ्यायची. पुढे त्याचं काय झालं, हे ठाण्यात कोणी विचारत नसे. आता कायदा बदललाय, मनोविकाराचे डॉक्टर ग्रामीण रुग्णालयातच येऊन तपासतात, हे त्या घरापर्यंत पोचलंच नव्हतं.

टोपी-पट्टा हवालदाराकडे दिला, जीप परत पाठवली आणि भावाच्या टमटममध्ये बसलो. थोरल्याने स्वतःच कुलूप काढलं आणि तोही येऊन बसला. ‘संध्याकाळी आणता ना?’ आईने विचारलं. आणतो म्हणालो.

डॉक्टरांनी तपासलं, गोळ्या दिल्या, घरच्यांनी सोबत राहावं म्हणून बजावलं. परतलो तेव्हा म्हातारी फाट्यावरच उभी होती. तिने लेकाचा हात चाचपला, मग माझ्याकडे वळली. ‘आणलात व्हय. चला घरी, चहा टाकते.’

ते घर आजारापेक्षा आमच्या जीपला जास्त भ्यायलं होतं. माणूस नेताना तो परत येईल याचा भरवसा घरच्यांना द्यायचा असतो, हे मला इतक्या नोकरीनंतर त्या आखाड्यावर कळलं.

परवा लोह्याच्या बाजारात भेटला. गोळ्या चालू आहेत. ‘कुलूप?’ मी विचारलं.

‘म्हशीच्या साखळीला लावलंय. किल्ली मायपाशी हाय.’