साळ दाखवणाऱ्या सासूबाई

मी कळता झाल्यापासून पुष्कळ पुढारी पाहिले, त्याहून जास्त वाचले, आणि तरीही छातीवर हात ठेवून सांगतो की माणसांना आपल्या मागून चालायला लावण्याची विद्या आमच्या मुलुखात एकट्या हेडमास्तरांच्या सासूबाईंना येत होती. त्यांनी कधी भाषण केलं नाही, ठराव मांडला नाही, हार घालून घेतला नाही. सकाळी पदर खोचून त्या रस्त्याला लागल्या की मागून माणसं निघत. कुठं आणि कशासाठी, हे विचारायची हिंमत कुणाला होत नसे. त्यांचं स्वतःचं नाव काय होतं ते मला शेवटपर्यंत कळलं नाही. त्या हेडमास्तरांच्या सासूबाई, म्हणून साऱ्या धाराशिवच्या सासूबाई. टांगेवाला त्यांना सासूबाई म्हणे, भाजीवाली म्हणे, कचेरीतला चपराशीसुद्धा म्हणे. फक्त हेडमास्तर म्हणत नसत. सासूबाई समोर आल्या की ते टोपी नीट करत, ‘आई’ असं काहीसं पुटपुटत आणि शाळेत निघून जात. शुक्रवार असला, म्हणजे शाळेला सुट्टी असली, तरीसुद्धा जात.

सासूबाई उंच, काटक, चालताना जमिनीवर रागावल्यासारख्या. कपाळाला विभूती, गळ्यात लिंगाची चांदीची डबी. माहेर कानडी मुलुखाच्या कडेचं, त्यामुळं राग मध्यम असला तर मराठीत निघे आणि खरा असला तर कानडीत. सासर बालाघाटच्या डोंगरातल्या एका वाडीत. मालक गेले, पोटी एकच लेक, ती हेडमास्तरांना दिलेली. म्हणून नाइलाजानं जावयाच्या घरी आल्या होत्या. नाइलाज त्यांचा होता की जावयाचा, यावर गावात दोन पक्ष होते. शहरातली कुठलीच गोष्ट त्यांना मानवली नाही. शहरातलं पाणी ‘शिळं’, शहरातल्या म्हशी ‘आळशी’, आणि शहरातली माणसं? ‘बिनबुडाची. खात्यात ते कुठनं येतं ठावं न्हाय.’

हे शेवटचं मत एका लग्नाच्या पंगतीत पक्कं झालं. आमचा मुलूख ज्वारीचा. भात आमच्या पानात यायचा तो सणाला नाहीतर लग्नाला, तोही मूठभर, आणि त्याच्याकडं आम्ही पाहुण्याकडं पाहावं तसं आदरानं पाहायचो. त्या पंगतीत आमच्या आळीचे दर्जीचाचा सहज म्हणाले, “मास्तरसाब, एक बात बताओ. ये चावल झाड को लगता की जमीन में, मुंगफली जैसा?” हेडमास्तर ज्वारीच्याच गावचे, पण न येणाऱ्या प्रश्नाचं उत्तर ठणकावून देण्याची त्यांना नोकरीतली सवय. ते म्हणाले, “वेलीला.” पंगतीच्या त्या टोकाला बायकांत बसलेल्या सासूबाईंनी हातातला घास खाली ठेवला. “अय्यो शिवा!” एवढं कानडीत आणि पुढचं मराठीत: “जावईबापू, पोरास्नी काय शिकवता वो तुमी? उद्या चला माझ्यासंगं. दर्जी, तू बी चल.”

अशी ती सहल सुरू झाली, आणि दरवर्षी दिवाळीनंतर होऊ लागली. अर्धा दिवस बैलगाडी, मग पायी चढण, वाटेत दोन-तीन वाड्या, आणि शेवटी सासूबाईंची वाडी. तिथं डोंगराच्या घळीत ओढ्याचं पाणी अडवून, दगडांच्या ताली रचून, एकाखाली एक पायऱ्यापायऱ्यांची रानं केलेली होती, आणि त्यांत साळ, म्हणजे उभा भात. आम्हां कोरड्या रानातल्या माणसांना ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा वाटलं, कुणीतरी डोंगराला पिवळ्या लुगड्याच्या निऱ्या घातल्यात. दर्जीचाचांनी हलक्या हातानं एक लोंबी उचलून ती कापड पारखावं तशी बोटांत फिरवली आणि म्हणाले, “अल्ला, कितना बारीक काम है.”

सासूबाईंच्या सहलीला नियम होते, आणि मी तोवर पाहिलेल्या कुठल्याही संघटनेत इतकी शिस्त नव्हती. बांधावर चप्पल घालून चढायचं नाही. तालीवर बसायचं नाही. ती रचणाऱ्याच्या पाठीवर बसल्यासारखं होतं. ‘यंदा पीक चांगलंय’ असं साळीसमोर म्हणायचं नाही, दृष्ट लागते; म्हणायचंच तर तोंड ओढ्याकडं करून म्हणायचं. आणि ‘अजून किती लांब’ हे तर मुळीच विचारायचं नाही. हेडमास्तरांनी एकदा घाम पुसत ते विचारलं. सासूबाई थांबल्या, सगळ्यांना मागे वळवलं, मागच्या ओढ्यापर्यंत परत नेलं आणि तिथून पुन्हा चढायला लावलं. “आता सांगा जावईबापू. मगाशी जवळ हुतं का आता जवळ हाय?” त्यानंतर हेडमास्तरांनी उरलेली चढण डोळे मिटल्यासारखी चढली.

त्या काळात आमच्या संस्थानात चार माणसं एकत्र जमायची म्हटलं तरी सरकारी परवानगी लागे. मी चळवळीची पत्रकं वाचून वाढलेला. मला ही सहल म्हणजे कायदेभंगच वाटे आणि म्हणूनच मी दरवर्षी जाई. सासूबाई मला ‘पुढारी’ म्हणत, कौतुकानं नव्हे. एका वर्षी वेशीवर पोलिसांच्या अमीनसाहेबांनी आम्हांला अडवलं. “सासूबाई, ये क्या जुलूस है?” माझी छाती फुगली, आता अटक होणार म्हणून मी एक वाक्यही जुळवून ठेवलं. सासूबाई म्हणाल्या, “जुलूस कशाचा? साळ बघायला निघालो. तुमी रोज दोन वक्त भात खाता. साळ बघितली का कधी?” अमीनसाहेबांनी बघितली नव्हती. संध्याकाळी ते बूट हातात धरून, खाली बघत, बांधावरून आमच्या मागून चालत होते. माझं वाक्य तसंच राहिलं.

शेवटची सहल निघाली त्या दिवाळीला बाकी देश स्वतंत्र झाला होता, आम्ही नव्हतो. हत्यारबंद टोळ्या खेड्यांतून फिरत होत्या. माणसं गाड्या जुंपून सरहद्दीपल्याड बार्शीकडं जात होती. यंदा काही सासूबाई निघायच्या नाहीत असं आम्ही धरून चाललो होतो, तर त्या सकाळी दारात उभ्या. “चला. साळ पिकली असंल.” हेडमास्तर म्हणाले, “आई, दिवस कसले आहेत?” त्या म्हणाल्या, “कापणीचे.” मी थैलीत पत्रकांची जुडी लपवली. दर्जीचाचांना मी हळूच म्हटलं, “चाचा, यंदा तुम्ही नाही आलात तरी चालेल.” ते कात्री ठेवून उठले. “क्यूं? मेरे आने से साळ बिगडेगी क्या?” मी पत्रकांची थैली दुसऱ्या खांद्यावर घेतली. आम्ही तिघं सासूबाईंच्या मागून निघालो.

वाडी रिकामी होती. चुली थंड, दारांना कड्या, कुत्रीसुद्धा गेलेली. खाली साळ मात्र नेहमीसारखी पिवळीधमक, लोंब्या इतक्या वाकलेल्या की चार दिवसांत दाणे गळून चिखलात गेले असते. एका ओसरीवर सासूबाईंची धाकटी जाऊ, शेवंताबाई, विळा घेऊन बसली होती. तिचा मुलगा बायकोला घेऊन पलीकडं गेला होता, आणि त्या सुनेचे दिवस भरत आले होते. मुलगा दोनदा आईला न्यायला माणूस पाठवून थकला होता. ही हलत नव्हती. साळ उभी टाकून जायचं कसं? हे बियाणं फक्त त्या घळीत उरलेलं. सासूच्या सासूनं आणलेलं. ते गेलं की पुन्हा मिळणार कुठं? सासूबाईंना हे सगळं आधीच कळलेलं होतं. आम्हांला एक अक्षर सांगितलं नव्हतं.

“बघून झालं?” त्या आमच्याकडं वळून म्हणाल्या. “आता कापा.”

आम्ही कापलं. हेडमास्तरांनी धोतर वर खोचलं आणि पहिल्याच मुठीला बोट कापून घेतलं. दर्जीचाचांनी आपल्या खमिसाची कड फाडून ते बांधलं. चाचा इतकं सरळ कापत की ओळ आखल्यासारखी दिसे, पण एका तालीला त्यांना सकाळ लागे. “दर्जी, झबलं शिवतोयस का?” सासूबाई ओरडत. दुसऱ्या दिवशी दगडावर पेंढ्या झोडपल्या, खळ्यावर रास पडली. रास मोजताना बोलायचं नसतं. पहिलं माप टाकताना शेवंताबाई ‘एक’ म्हणाली नाही, ‘लाभ’ म्हणाली, आणि मग सगळे गप्प. माझ्यासारख्यालाही गप्प बसवलं गेलं. त्या ओसाड वाडीत दाणे पडण्याचा आवाज तेवढा होता.

घोटाळा झाला तो त्यानंतर. वाडीत पत्रक वाचायला कुणी उरलंच नव्हतं, म्हणून मी एक शेवंताबाईच्या हातात दिलं. तिनं ते उलटंसुलटं केलं. “ह्यात काय लिवलंय रं?” मी उभा राहून मोठ्यानं वाचलं. आपली भूमी सोडू नका. जुलमाला घाबरून घरदार टाकून जाऊ नका. रिकामं गाव म्हणजे जुलमाचा जय. शेवंताबाई नीट ऐकत होती. वाचून झाल्यावर तिनं विळा पुन्हा उचलला. “बरोबर लिवलंय. म्या जात न्हाय.”

सासूबाई माझ्याकडं वळल्या. जे बोलल्या ते कानडीत होतं, त्यामुळं इथं देता येत नाही. मग मराठीत: “पुढारी, दोन दिस हाडं मोडली ती कशापायी? हिला गाडीत घालायला! आता सांग हिला, ते कागद खोटं हाय म्हनून.”

“खोटं नाही, सासूबाई,” मी म्हटलं. “तुम्ही मला मागच्या ओढ्यात फेका, पण ते खोटं नाही.” मी आजही तेच म्हणेन.

त्या शेवंताबाईच्या शेजारी टेकल्या. “शेवंते, सुनंचं बाळंतपन कोन करंल? हितं कागदावर लिवलंय ते करंल?”

“आन रान? मोकळं टाकू?”

“मोकळं कशानं? म्या ऱ्हाते.”

हेडमास्तर ताडकन उठले. कधी नव्हे ते सासूबाईंच्या तोंडाकडं पाहून बोलले. “आई, हे चालायचं नाही. लोक काय म्हणतील? जावयानं सासूला डोंगरात टाकलं!”

“लोकास्नी म्हना, सासू लई हट्टी.” आणि आवाज खाली आणून: “जावईबापू, तुमच्या घरी मला काय कमी न्हाय. पर तितं म्या पाव्हनी. हितं कुनीतरी घरचं पायजे.”

हेडमास्तरांना रडू आलं. वर्षानुवर्षं ज्या बाईला चुकवून ते शाळेत पळत होते, तिच्यासाठी ते खळ्यावर बसून लहान मुलासारखे रडले, आणि सासूबाई त्यांना बांधलेलं बोट मातीत घालू नका म्हणून रागावत राहिल्या. बियाण्याचे दोन वाटे झाले. एक वाटा शेवंताबाईच्या ओटीत बांधला, एक घरात ठेवला. शेवंताबाईला मधे घेऊन आम्ही उतरणीला लागलो. वळणावरून मी मागं पाहिलं. सासूबाई कापलेल्या रानात उभ्या होत्या आणि पाखरं हाकलत होत्या. राखण्यासारखं रानात काही उरलं नव्हतं.

पुढच्या वर्षी आम्हीही स्वतंत्र झालो. त्या दिवाळीनंतर शेवंताबाई मुलासुनेला आणि कडेवरच्या नातवाला घेऊन वाडीत परतली तेव्हा मी बरोबर गेलो. वरच्या ताली गवतानं भरल्या होत्या, एकदोन ढासळल्या होत्या. पण खालच्या तीन तालींत साळ उभी होती. सासूबाई बांधावर होत्या, निम्म्या झालेल्या. टोळी कधी आली होती का, असं मी विचारलं. “आली की. पानी मागितलं, दिलं. घरात कोन हाय म्हनले. म्हनलं, हेडमास्तरची सासू. गेले.” एवढंच सांगितलं. बाकीचं वर्ष त्यांनी मलाच काय, कुणालाच सांगितलं नाही.

शेवंताबाईनं रानातून एक चक्कर मारली आणि कमरेवर हात ठेवले. “आक्का, रोपं लई दाट लावलीस.”

“एकटीनं लावून बघ!”

“आन पानी कुठनं सोडलं? वरनं सोडायचं आस्तं.”

“वरची ताल ढासळली, तुज्या नवऱ्यानं रचलेली!”

दोघी दुपारभर भांडल्या. नातू मधे रांगत होता, सून हसून दमली होती, आणि मी नव्या राज्याची पत्रकं थैलीत तशीच ठेवून ऐकत बसलो होतो. उन्हं कलली तसं भांडण आपोआप विरलं आणि दोघी ओसरीच्या पायरीवर बसल्या. शेवंताबाई चूल पेटवायला म्हणून उठू लागली, ती पुन्हा बसली. सासूबाईंनी तिच्या पदराचं टोक मुठीत धरलं होतं. रानाकडं बघत होत्या. आपण काही धरलंय हे जणू त्यांना ठाऊकच नव्हतं. अंधार पडायला आला तरी ती मूठ सुटली नाही, आणि शेवंताबाईनंही ती सोडवली नाही. शेवटी सुनेनंच चूल पेटवली.