गाणं नव्हे, दगड

माझी मुलगी जन्मली तेव्हा तिचं वजन अकराशे ऐंशी ग्रॅम भरलं. अजून दहा आठवडे ती पोटातच राहायची होती. त्या दिवशी सकाळी फुलंब्रीच्या शाळेत तिसरीच्या वर्गाला पाढे म्हणायला लावून मी खुर्चीत बसले, ती उठूच शकले नाही. शाळेतल्या एका बाईंनी त्यांच्या गाडीच्या मागच्या सीटवर मला आडवं करून शहरात आणलं. दुपारी सिझेरियन झालं. मला बाळाचा फक्त एक पाय दिसला, माझ्या अंगठ्याएवढा. मग तिला काचेत नेलं. आमच्याकडं असंच म्हणतात, बाळ काचेत आहे.

हे आमचं दुसरं बाळ. दोन वर्षांपूर्वी मुलगा झाला होता, पूर्ण दिवसांचा, गोरा, भरपूर जावळ असलेला. त्याच्या हृदयात दोष होता आणि तो तिसऱ्या दिवशी गेला. मला धीर नव्हता, म्हणून मी त्याचं नाव पहिल्याच दिवशी ठेवलं होतं. दव असा त्याचा अर्थ. नवऱ्यानं लगेच ते फॉर्मवर लिहून दिलं. त्यामुळं महापालिकेतून आम्हाला त्याच्या नावाचे दोन दाखले मिळाले, जन्माचा आणि मृत्यूचा, एकाच दिवशी.

म्हणून या वेळी आत्याबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, एकच गोष्ट बजावली. गंगापूरकडच्या गावाहून पहिल्या एसटीनं त्या आल्या, माझ्या कॉटपाशी उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या की लेकरू घराचा उंबरा ओलांडेपर्यंत त्याला नाव ठेवायचं नाही, मनातसुद्धा नाही. मी मान हलवली. नाव शोधायची ताकद माझ्यात उरलीच नव्हती. बाळाच्या मनगटावर कागदी पट्टी होती, तिच्यावर ‘बेबी ऑफ’ आणि पुढं माझं नाव. तेवढं पुरे होतं.

आईला दर तीन तासांनी अर्धा तास आत सोडायचे. कोपरापर्यंत हात धुवायचे, गाऊन चढवायचा, काढलेलं दूध सिस्टरकडं द्यायचं आणि पेटीशेजारी उभं राहायचं. अशा सात पेट्या होत्या. वेळेआधी आलेली बाळं श्वास घ्यायला विसरतात, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं, एखादा माणूस छत्री विसरतो असं सांगावं तितक्या सहज. ती विसरली की पडद्यावरचा ऑक्सिजनचा आकडा खाली यायला लागायचा. नव्वद, ब्याऐंशी, चौऱ्याहत्तर. मग घंटी वाजायची. सिस्टर पेटीच्या गोल खिडकीतून हात घालून तळपायाला टिचकी मारायच्या, बाळ दचकायचं आणि आकडा परत चढायचा. मी बाळाकडं कमी आणि पडद्याकडं जास्त बघायचे.

वडिलांना दिवसातून एकदाच, दुपारी बाराला, आत येता यायचं. पाचव्या दिवशी आम्ही दोघं पेटीशी उभे होतो तेव्हा घंटी वाजली. सिस्टरनी टिचकी मारली. आकडा चढला नाही. त्यांनी दुसऱ्या पायाला मारली, पाठ चोळली. सिस्टर शहरातल्याच, मराठीत दखनी मिसळून बोलणाऱ्या. मी ‘बाळा, बाळा’ करत होते, तर माझ्याकडं न बघताच त्या म्हणाल्या, “ताई, नाव घेऊन बुलाओ ना. इथं सगळीच बाळं हैं.”

माझ्याकडं नाव नव्हतं. तेवढ्यात माझ्या मागून नवरा वाकला आणि हळू आवाजात म्हणाला, “शांताल.”

त्यानं तीनदा ते नाव घेतलं. सिस्टरनी नळी साफ केली, ऑक्सिजन वाढवला आणि आकडा साठावरून वर सरकायला लागला. ते सिस्टरच्या हातांचं काम होतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण तोवर तिला नाव लागलं होतं.

बाहेर आल्यावर मी विचारलं की हे नाव आलं कुठून. माझा नवरा वेरूळ-अजिंठ्याला गाइड आहे, फ्रेंच बोलणारा. विद्यापीठात दोन वर्षं शिकला, उरलेली भाषा पर्यटकांकडून उचलली. मुलगा गेल्यानंतर चौथ्या दिवशी तो कामावर गेला होता, कारण आठ जणांचा गट महिनाभर आधी ठरलेला होता. कैलास लेण्यासमोर उभा राहून रोजचं वाक्य बोलायला गेला आणि त्याला शब्दच आठवेनात. फ्रेंच नाही, हिंदी नाही, काहीच नाही. गटातल्या सत्तरीच्या एका बाईंनी त्याला पायरीवर बसवलं, पाण्याची बाटली दिली, बाकीच्यांना पुढं पाठवलं आणि तासभर काही न विचारता शेजारी बसून राहिल्या. त्यांचं नाव शांताल. हे सगळं त्यानं मला दोन वर्षं सांगितलं नव्हतं.

“अर्थ काय?” मी विचारलं.

“गाणं,” तो म्हणाला.

मला ते आवडलं, हे कबूल करायला हवं. शांता, शांतला या नावांच्या जवळचं होतं, तरी आमच्या गल्लीत कुणाचं नव्हतं. आत्याबाईंना सांगायचं नाही असं आमचं ठरलं. पण सिस्टरनी त्याच संध्याकाळी पेटीला चिकटपट्टी लावून त्यावर मार्करनं नाव लिहिलं. दार उघडलं की बाहेरच्या बाकावरून ती पट्टी दिसायची, पण आत्याबाईंना वाचता येत नव्हतं. माझं चित्त थाऱ्यावर नसायचं. परत घाई झाली होती, परत घराबाहेर नाव ठेवलं गेलं होतं. दर तीन तासांनी दार ढकलताना मला वाटायचं, आज ती पट्टी काढलेली असेल.

नवव्या दिवशी माझी धाकटी बहीण डबा घेऊन आली. ती शेंद्र्याला एका कारखान्याच्या ऑफिसात आहे आणि प्रत्येक गोष्ट फोनवर तपासल्याशिवाय तिला चैन पडत नाही. तिनं नाव शोधलं होतं. डबा उघडायच्या आधीच तिनं फोन माझ्यापुढं धरला आणि घाबरत म्हणाली की ताई, तू जिजूंना एकदा विचार. तिथं लिहिलं होतं: जुन्या दक्षिण फ्रान्सच्या बोलीतला शब्द, अर्थ दगड, खडक.

आमच्या भागात मुलीच्या बाबतीत हा शब्द कसा वापरतात ते मला चांगलं ठाऊक होतं. माझी बहीण जन्मली तेव्हा दवाखान्याबाहेर कुणीतरी माझ्या वडिलांना, काय झालं, धोंडाच ना, असं विचारलं होतं. मी तेव्हा सात वर्षांची होते, ते मी स्वतः ऐकलं होतं.

बारा वाजता नवरा आला. वॉर्डाबाहेरच्या पाण्याच्या मशीनपाशी मी त्याला अडवलं. त्याला चूक कळली नसेल, स्पेलिंगवरून त्यानं गाणं हा अर्थ काढला असेल, असं मी धरून चालले होते. तो म्हणाला की नाही, त्याला पहिल्यापासून माहीत होतं. त्या बाईंनीच सांगितलं होतं. लोकांना वाटतं हे नाव गाण्यावरून आलं, कारण गाण्याचा शब्द तसाच दिसतो. पण ते एका खडकाळ जागेचं नाव. तिथल्या घराण्याला ते लागलं, त्या घराण्यातली एक विधवा पुढं संत झाली आणि तिच्यामुळं लोक मुलींना हे नाव ठेवायला लागले. आता तिकडंही फारसं कुणी ठेवत नाही, म्हाताऱ्या बायकांचं नाव झालंय. असं त्या बाई हसत सांगत होत्या म्हणे, लेण्याच्या पायरीवर हात ठेवून.

“मग मला गाणं का सांगितलं?”

तो म्हणाला, “तुला दगड चालला नसता. मला दगडच हवा होता. मागच्या वेळी आपण दव ठेवलं होतं. दव उन्हात किती टिकतं?”

आपण म्हणाला तो, पण नाव मी ठेवलं होतं. दोन वर्षं घरात त्या विषयावर एक शब्द निघाला नव्हता. मला वाटायचं तो माझ्या दुःखाला जपतोय. त्या मशीनपाशी उभं असताना मला कळलं की त्याच्या मनात कुठंतरी तो दोष माझ्यावर होता. मी त्याला तसं स्पष्ट विचारलं. त्यानं नाही म्हणायला हवं होतं. तो खाली बघत राहिला. माझे टाके ओढत होते आणि मी भिंतीला धरून उभी होते.

आत्याबाई आमच्यापासून चार हातांवर बाकावर बसल्या होत्या. आम्ही आवाज चढवला नव्हता, तरी त्यांना सगळं ऐकू गेलं होतं. त्यांनी मला हातानं जवळ बोलावलं आणि बाकावर बसवलं. मला वाटलं, आता नाव ठेवल्याबद्दल बोलणी बसणार.

त्या म्हणाल्या, “माझं नाव दगडी व्हतं. माहेरचं.”

नवरा वळून बघायला लागला. चाळीस वर्षांचा माणूस, आईचं हे नाव त्यालाही ठाऊक नव्हतं. आत्याबाईंच्या आधी त्यांच्या आईची चार लेकरं गेली होती. पाचव्या वेळी ही मुलगी झाली तेव्हा तिला उकिरड्यावर नेऊन ठेवलं, शेजारणीनं ती उचलली आणि पसाभर ज्वारी घेऊन परत आईला दिली. म्हणजे ती आता या घरची नाही, फेकलेली, विकत घेतलेली, आणि नावाला दगड. अशा पोरीवर कुणाची नजर कशाला जाईल? ती जगली. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीनं दुसरं नाव लिहिलं गेलं, ते देवीचं, आणि त्या दिवसानंतर दगडी म्हणून कुणी हाक मारली नाही. आई होती तोवर माहेरी ती तशी हाक मारायची, तेवढंच.

“मला लई राग यायचा त्या नावाचा,” त्या म्हणाल्या. “पण मह्या मायनं ते शिवी म्हणून ठेवलं नव्हतं.”

मग मुलाकडं बघून त्या जरा कडक आवाजात म्हणाल्या, “अन् नावानं लेकरू जात नसतंय. तिच्यावर कशाला ढकलतो?”

मी म्हणाले की मग नाव ठेवू नका असं तुम्हीच का बजावलं होतं. त्यावर त्या म्हणाल्या की भ्या वाटतं तेव्हा माणूस काहीही बोलतं. त्यांना अजून काही सांगायचं होतं बहुतेक, पण दार उघडलं आणि सिस्टरनी माझ्या नावानं हाक मारली, वडिलांनाही घेऊन या म्हणाल्या.

रक्तात जंतुसंसर्ग झाला होता. मी नऊला बाहेर आल्यापासून बाळ दूध पचवत नव्हतं, पोट फुगलं होतं, रंग राखेसारखा झाला होता. डॉक्टरांनी सांगितलं की श्वासाच्या मशीनवर घेतोय, औषध बदलतोय, अठ्ठेचाळीस तास काही सांगता येणार नाही. एका कागदावर सही हवी होती. नवऱ्यानं पेन घेतलं, मग ते माझ्याकडं दिलं आणि सही मी केली.

ते दोन दिवस मला नीट आठवत नाहीत. दूध द्यायचं नव्हतं, तरी मी तीन-तीन तासांनी काढत होते आणि सिस्टर बाटलीवर नाव लिहून ते फ्रीजमध्ये ठेवत होत्या. नवरा आणि मी शेजारी बसायचो, पण एकमेकांशी बोलत नव्हतो. दुसऱ्या दिवशी दुपारी सिस्टरनी डॉक्टरांना विचारून आत्याबाईंना पाच मिनिटं आत सोडलं. आज्यांना सोडायचा नियम नव्हता, आणि त्यांना सोडलं यावरून मी काय समजायचं ते समजले. गाऊन त्यांना पायघोळ झाला होता. त्या पेटीपाशी गेल्या, नळ्या बघितल्या, काचेवर हात ठेवला आणि शेतात लांबच्या माणसाला हाक मारावी तशी, पण अगदी बारीक आवाजात म्हणाल्या, “दगडे, अगं ए दगडे.” शांताल त्यांच्या जिभेवर बसत नव्हतं. अर्थ बसला.

तिसऱ्या दिवशी सकाळी बाळानं शी केली. डॉक्टर हसले तेव्हा मला कळलं की ही किती मोठी बातमी आहे. नवीन औषध लागू पडलं होतं. मी त्याचं श्रेय नावाला देत नाही, आत्याबाईसुद्धा देत नाहीत. आठवड्यानं मशीन निघालं. मग सिस्टरनी तिला माझ्या उघड्या छातीवर ठेवून वरून ओढणीनं बांधलं, आणि पहिल्यांदा मी पडद्याकडं पाठ करून बसले.

सेहेचाळिसाव्या दिवशी ती घरी आली, अठराशे वीस ग्रॅमची. पंधरा दिवसांनी आम्ही दोघं तिच्या जन्मदाखल्यावर नाव चढवायला महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसात गेलो. खिडकीपुढं बारा-पंधरा जणांची रांग होती. नवऱ्यानं फॉर्म भरला होता, फक्त नावाची ओळ कोरी ठेवली होती. आमचा नंबर आला तेव्हा त्यानं फॉर्म आणि पेन माझ्याकडं दिलं. म्हणाला, तू म्हणशील ते. तुला दुसरं काही ठेवायचं असेल तर ठेव.

मागचे लोक कुरकुरायला लागले. मी शांताल लिहिलं. कारकुनानं वाचलं, मान वर केली आणि शीतल लिहायचंय का, असं विचारलं. मी नाही म्हणाले आणि एकेक अक्षर सांगितलं.

बाहेर स्कूटरपाशी नवरा म्हणाला की त्या दिवशी पाण्याच्या मशीनपाशी तो जे बोलला ते त्याला बोलायचं नव्हतं. मी म्हणाले, तुम्हाला बोलायचं होतं. दोन वर्षं बोलायचं होतं. फक्त तेव्हाच बोलला असतात तर मी माझ्याही मनातलं बोलले असते, की मलाही तसंच वाटत होतं. तो हेल्मेट हातात धरून उभा राहिला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं, माझ्या नाही. माझं रडणं नंतर आलं, बऱ्याच महिन्यांनी, कुठल्याशा क्षुल्लक कारणावरून.

त्या दिवशी मी फक्त म्हणाले की चला, तिची दुधाची वेळ झाली. आणि आम्ही निघालो. वाटेत औषधाच्या दुकानाशी थांबून तिचे थेंब घेतले.