ललितचं पांढरं कालवण

मी शाळेत शिकवायचे, तेव्हा ललित माझ्या वर्गात मागच्या बाकावर बसायचा. अभ्यासात बेताचा. पण शाळेच्या सहलीत खिचडी करपायला लागली, की पातेल्याखालची लाकडं ओढायला सगळ्यांच्या आधी हाच धावायचा. आज तो मोठ्या प्रवासी जहाजावर स्वयंपाकी आहे. सुटीवर माकुणसारला आला की मला भेटल्याशिवाय राहत नाही.

त्याची आई जयवंती मात्र गावात एवढंच सांगायची, ललित बोटीवर आहे. कुणी पुढे काही विचारलं, की ती वाडीतल्या केळींचा विषय काढायची. पोरगा पगारासाठी चुलीपुढे उभा राहतो, हे तिला कमीपणाचं वाटे. ललितनं तिला कधी टोकलं नाही. मला एकदाच म्हणाला होता, "बाई, आईनं एकदा तरी स्वतःच्या तोंडानं सांगावं."

या सुटीत त्यानं ठरवलं, जहाजावर करतो तेच घरी करायचं. चाउडर, म्हणजे मासळीचं दाट, मलईदार सूप. त्याच दिवशी कोळगावहून नरहरीमामा यायचे होते. ललितसाठी सफाळ्याचं एक स्थळ त्यांच्या बघण्यात होतं. शेजारीण म्हणून मलाही बोलावणं होतं.

ललितनं केळव्याहून कोळंबी, रावस आणि तिसऱ्या, म्हणजे शिंपल्या, आणल्या. लोणी, दूध आणि मलई पालघरहून. दुधाची पिशवी दिसताच जयवंतीनं स्वयंपाकघराच्या दारात हात आडवा केला; हे तिच्या शेगडीवर होणार नव्हतं. आमच्याकडे दूध आणि मासळी एका ताटात येत नाहीत, मग एका पातेल्यात कुठली यायला! नारळाचं दूध घाल, असं मीही सुचवून पाहिलं.

"मग ते आईचं कालवण होईल, बाई," तो म्हणाला. "माझं नाही."

त्यानं जुनी लहान शेगडी पडवीत मांडली. कोळंबीची टरफलं उकळून पाणी गाळून घेतलं. लोण्यावर कांदा मऊ केला, मैदा नुसता कच्चा वास जाईपर्यंत परतला, रंग बदलू दिला नाही. ते पाणी आणि बटाट्याच्या फोडी पडल्या. बटाटा शिजल्यावर दूध घातलं आणि पुढे एकदाही उकळी येऊ दिली नाही. मासळी शेवटी, वर मलई आणि मिरपूड. वर्गात कधी न दिसलेली शांतता त्या हातांत होती.

मामा आले, त्यांच्यापुढे वाटी ठेवली. त्यांनी वास घेतला आणि वाटी बाजूला सारली. दूध आणि मासळी खाऊन अंगावर डाग उठवायचे आहेत का, म्हणाले. मग बहिणीकडे वळले. "सफाळ्याच्या मंडळींना काय सांगू? बोटीवर हाय, म्हनजे करतो काय?"

ललित डाव पुसत होता. त्यानं मान वर केली नाही.

जयवंतीनं लेकाला विचारलं, "तिकडं असंच करतोस?"

"हो, आई."

"किती मानसं जेवतात?"

"आपलं अर्धं गाव जेवेल एवढी."

"आनि डाग कुनाकुनाला उठले?"

"अजून तरी कुनाला नाय."

तिनं भावाची वाटी स्वतःपुढे ओढली. चमचा बाजूला ठेवला, फुंकर घातली आणि पेज पितात तशी वाटी तोंडाला लावली. तळाच्या तिसरीतला गर बोटानं काढून खाल्ला. "मीठ बरोबर हाय," म्हणाली. इतक्या वर्षांच्या शेजारात हे वाक्य मी तिच्याकडून कुणाच्याच स्वयंपाकाबद्दल ऐकलं नव्हतं.

मग ती भावाला म्हणाली, "सांग त्यांना, माझा ललित जहाजावर सैपाक करतो. आनि मी त्याच्या हातचं जेवलेय, तेपन सांग."

मामांनी विचारलं, माझी वाटी कुठाय? ती तर मी संपवली, जयवंती म्हणाली.

सगळे हसले. पातेलं निवलं होतं, म्हणून ललित पडवीतली शेगडी पेटवायला वाकला. वाऱ्यानं काडी दोनदा विझली.

"वाऱ्यात कशाला झटतोस?" आई आतून म्हणाली. "पातेलं आत आन. माझ्या शेगडीवर ठेव."