गायीला गेलेला डबा

भाची बाथरूममध्ये धपकन पडली तेव्हा मी पोहे वाढत होते. दाराला कडी लावलेली नव्हती म्हणून बरं. नऊ वर्षांची पोर, ओठ पांढरेफटक, कपाळ गार. मी हाका मारत होते आणि माझाच आवाज मला परका वाटत होता.

मुलांच्या लठ्ठपणाविरुद्ध मी पत्रकं वाटते. शाळांबाहेरच्या कचोरी-कोल्ड्रिंकवर तावातावाने बोलते. जयपूरच्या आमच्या मराठी मंडळाच्या गणपतीत वजनकाटा मांडायचा हट्टही माझाच. मुलांची रांग लावायची, वजन मोठ्याने सांगायचं, छातीवर स्टिकर चिकटवायचं. हिरवं, पिवळं, लाल. धक्का बसल्याशिवाय लोक सुधारत नाहीत, हे माझं ठाम मत. भाचीला लाल मिळालं.

"अगं बाई, आत्याच्या घरातच लाल?" एक काकू म्हणाल्या. "चार मोदक आम्हालाही ठेव हं!"

सगळे हसले. मीही हसले. हे लपवून चालणार नाही.

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "डबा खाते का नीट?"

"रोज रिकामा आणते," वहिनी म्हणाली. "उलट इतकी गुणाची आहे, व्हॅनची वाट बघताना गेटवरच्या गायीला पोळीसुद्धा घालते."

"कोणाची पोळी?"

वहिनीने वळून भाचीकडे पाहिलं. आमच्या भागात, जगतपुऱ्यात, सकाळी गायीला पोळी घालणाऱ्या मुलीला कोण अडवणार? भाऊ तर शेजाऱ्यांना कौतुकाने सांगायचा.

भाचीने भिंतीकडे तोंड फिरवलं. "पराठा पण. मतलब... सगळंच."

"कधीपासून?"

"गणपतीपासून."

दिवाळी तोंडावर आली होती. इतके दिवस ती माझ्यासमोर बसून पोळीचे तुकडे नुसते चिवडायची आणि मी मनात म्हणायचे, वा, फरक पडतोय!

रक्तातली साखर उतरली होती, ग्लुकोजच्या सलाइनने चढली. खाण्याची भीती जायला मात्र वेळ लागेल, डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि वजनाचा विषय घरात कुणी काढायचा नाही. हे सांगताना त्या माझ्याकडे बघत नव्हत्या, तरी ते मलाच होतं. कुठल्या कुठल्या घरी गेली असतील ती लाल स्टिकरं? मंडळाच्या यादीतले सगळे नंबर काढून मी फोन लावत सुटले, मुलं डबा खातात ना विचारायला.

संध्याकाळी भाचीने दुधाचा पेला तोंडाला लावला. दोन घोट घेतले, पेला खाली ठेवला आणि माझा चेहरा बघत राहिली. अजून घे म्हणू, की नको म्हणू?