गठाण फोडायची नसते

जगातली कुठलीही वस्तू आज जेवढी जागा अडवून बसली आहे, त्याच्या निम्म्या जागेत ती सुखाने राहू शकते, हे माझ्या सासऱ्यांचं ठाम मत आहे. या मतापायी त्यांनी आयुष्यात जेवढ्या वस्तू दाबल्या, तेवढी माणसं एखाद्या संस्थानिकानेही दाबली नसतील. आमच्या यवतमाळकडे सासऱ्याला मामाजी म्हणतात. बोरी अरबला मामाजींच्या घरी चिवड्याच्या डब्यात चमचा चालत नाही, उलथनं लागतं. हिवाळा संपला की रजया फळीखाली जातात, फळीवर पाटा-वरवंटा जातो आणि पाट्यावर मामाजी स्वतः बसून पेपर वाचतात. काळीपिवळी जीप भरली असं ड्रायव्हरला वाटून त्याने किल्ली फिरवली, की हे खाली उतरणार. 'थांब रे बाबू. तुमी गुडघा इकडं घ्या. बाई, पोराले मांडीवर घ्या. आता पाहा, किती हवा होती आत!' ड्रायव्हर लोकांचा त्यांच्यावर फार जीव होता. प्रवाशांचं मी काही सांगत नाही. माझ्या लग्नात मुलीच्या पाठवणीच्या वेळी अख्खा मांडव रडत होता. मामाजी तेवढे बॅगेवर उभे होते. त्या बॅगेतून माझ्या आईने साड्या ओढून काढल्या तेव्हा प्रत्येकीवर कायमची नक्षी उमटलेली होती, आणि ती मुळातलीच असावी असं समजून शेजारणींनी तिचं कौतुकही केलं.

दोष त्यांचा नव्हे, धंद्याचा. दारव्ह्याच्या एका जिनिंग-प्रेसिंगमध्ये मामाजी उभा जन्म कापसाच्या गठाणी बांधत आले. कापूस म्हणजे बहुतेक हवाच. ती काढून टाकायची, उरलेल्याला बारदान गुंडाळायचं आणि लोखंडी पट्ट्यांनी आवळायचं, यासाठी त्यांना पगार मिळत असे. मग ती वर्षं आली. आमच्या जिल्ह्यातल्या कापसाचं काय झालं ते साऱ्या देशाने वर्तमानपत्रांत वाचलं. गावोगाव कॅमेरे आले, समित्या आल्या, समित्यांच्या गाड्यांसाठी रस्त्यांवर मुरूम आला. कापूस तेवढा प्रेसला येईनासा झाला. सरकारचं मोठं पॅकेज जाहीर झालं त्या दिवशी मामाजी म्हणाले, 'पॅकेज म्हंजे गठाणच ना? बाजूनं नमुना काढून पाहा. आत रुईच्या जागी सरकी असन.' त्या काळात अर्थशास्त्रावरचे बरेच लेख मी वाचले. याहून नेमकं वाक्य मला त्यांत सापडलं नाही.

शेवटी प्रेस बंद पडली. निरोपसमारंभात तीन वक्त्यांनी मामाजींच्या सेवेला 'तपश्चर्या' म्हटलं. त्यातल्या एकाला त्यांचं नाव माहीत नव्हतं. मामाजींनी मिळालेली शाल घडी घालघालून पानाच्या डब्याएवढी केली, खिशात घातली आणि कचेरीच्या कोपऱ्यातल्या कॉम्प्युटरकडे बोट दाखवून मालकांना विचारलं, 'हे कोनाचं?' ते यंत्र कुठे फेकावं हाच मालकांपुढे प्रश्न होता. त्याच संध्याकाळी ते काळीपिवळीतून, अर्थातच कुणाच्या तरी मांडीवर, बोरीला पोचलं.

मी यवतमाळच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे, म्हणून यंत्राचं बारसं माझ्याकडे आलं. रिकाम्या माणसाला विरंगुळा हवा म्हणून मी त्यात मोटार पळवण्याचा एक खेळ घालून दिला. खेळ मोठा होता, म्हणून तो दाबून एका फाइलीत कोंबलेला होता. अशा फाइली उघडणाऱ्या सॉफ्टवेअरचं चिन्ह म्हणजे पट्ट्याने करकचून आवळलेली पुस्तकांची चळत. मामाजींनी चष्मा कपाळावर चढवला, पडद्याला नाक लावलं आणि प्रेस बंद पडल्यापासून पहिल्यांदा हसले.

'जावईबापू, हे तं गठाण हाये!'

'गठाणच आहे, मामाजी. आता ही एका फोल्डरमध्ये सोडवायची आणि मग खेळायचं.'

तिथेच बिनसलं. 'सोडवाची? म्हंजे फोडाची?' त्यांचा चेहरा देवळात चपला घालून आलेल्या माणसाकडे पाहावं तसा झाला. 'आमी बांधनारे लोक हावो, बापू. फोडनं गिरणीवाल्याचं काम. प्रेसवाल्यानं गठाण फोडायची नसते.'

माझं दुर्दैव असं, की न फोडताही तो खेळ चालला. गाठीच्या आत डोकावून खेळाच्या नावावर दोनदा टिचकी मारली, की यंत्र एक चहा होईपर्यंत घरघरायचं आणि मोटार हजर. खरं म्हणजे आत वेगळंच चाललेलं असे. ते सॉफ्टवेअर सगळा माल गुपचूप एका आडबाजूच्या खोलीत सोडवून ठेवी, आणि आपण पडद्यावरची त्याची खिडकी बंद केली की ती खोली झाडून लख्ख करी. म्हणजे मामाजी रोजच गठाण फोडत होते. मी हे त्यांना सांगितलं. 'फोडलेली दिसते काय कुठी?' त्यांनी विचारलं. दिसत नव्हती. 'मंग नाई फोडली.' वाद संपला.

पुढे त्यांना मॉडचं वेड लागलं. मॉड म्हणजे मूळ खेळात कुणीतरी मागाहून केलेला फेरफार. कुठल्याशा परदेशातली पोरं हौसेने असे फेरफार करतात. मी ते कॉलेजातल्या इंटरनेटवरून उतरवून सीडीवर नेत असे. एका मॉडने मोटार एसटीसारखी लाल झाली, दुसऱ्याने डांबरी रस्त्याचा कच्चा रस्ता झाला. त्यावर मामाजी म्हणाले, 'आता कुठी खरं वाटून राह्यलं.' प्रत्येक मॉड ते मूळ गाठीतच कोंबत. गाठ फुगत गेली, घरघर वाढली, एका चहाचे दोन चहा झाले. ते मात्र फाइलीचा आकार पाहून समाधानाने मान हलवत.

या खेळात चालकाशेजारी एक अदृश्य माणूस बसलेला असतो. पुढे वळण आहे, हळू घ्या, चुकलात, असं तो सारखा इंग्रजीत सांगतो. मामाजींना तो पहिल्या दिवसापासून खटकला. 'याले कोनं पुसलं?' त्यावरचं मॉडही मी शोधून आणलं: माइकवर आपला आवाज भरायचा, की तो माणूस जातो आणि आपलं माणूस बोलू लागतं. आपलं माणूस म्हणजे सासूबाई. शेजारी बसून गाडी कशी चालवावी हे सांगण्याची तयारी त्यांच्याइतकी कुणाचीच नव्हती. पहिल्या दिवशी पदर सारखा करून, बक्षीस समारंभात बोलावं तशा आवाजात त्या म्हणाल्या, 'कृपया डावीकडे वळा.'

दुसऱ्या दिवशी खेळ उघडला तर इंग्रज परत हजर. साहजिकच होतं, आवाज त्या आडबाजूच्या खोलीत साठवलेला, आणि मामाजींनी खिडकी शिस्तीत बंद करताच खोली झाडली गेलेली. मी कारण सांगितलं, उपाय सांगितला. मामाजींना त्यात काहीच वावगं दिसलं नाही. रोजचा कापूस रोज बांधणारा माणूस. 'ताजा माल भरू. ये वं इकडं!'

अशा रीतीने सासूबाई रोज नव्याने आवाज भरू लागल्या, आणि रोज त्यांच्या भाषेतलं एकेक 'कृपया' गळत गेलं. आठवडाभरात 'डावीकडं घ्या म्हनलं ना' झालं. महिन्याभरात 'डावीकडं! तिकडं उजवीकडं कोन बसलं हाये तुमचं?' इथवर मजल गेली. 'हळू चालवा'च्या जागी 'हळू वो, दूध ठेवून आली मी गॅसवर' आलं. आणि वळण चुकलं की जे वाक्य वाजायचं ते तर रोज वेगळं असे. 'जनमभर आयकलं नाई, आता काय आयकता!' हे त्यातल्या त्यात सौम्य. मधूनच मूळ विषय सोडून त्या मामाजींच्या बहिणीपर्यंत जात आणि खेळातली मोटार दरीत कोसळत असताना नणंदेचा उद्धार चालू राही. पडद्यावरच्या सासूबाई आणि खुर्चीमागच्या सासूबाई एकाच वेळी बोलत तेव्हा मामाजींच्या चेहऱ्यावर कमालीची शांती असे. भारनियमन हा त्या वर्षांतला आमचा दुसरा नेम. ऐन वळणावर लाइन जायची, पडदा काळा व्हायचा, एक सासूबाई गप्प व्हायच्या आणि दुसऱ्या अंधारात वाक्य पूर्ण करायच्या. भारनियमनाविरुद्ध मी वर्तमानपत्रांना खरमरीत पत्रं लिहीत असे, आणि ती छापूनही येत.

मग सासूबाईंचा आवाज बसला. थंडीने बसला म्हणून काढा झाला, हळद झाली, तो उठेचना. नागपूरच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, की जीव वाचवायचा तर स्वरयंत्र काढावं लागेल. काढलं. जीव वाचला. सासूबाई घरी आल्या, हिंडू-फिरू लागल्या, भाकरी थापू लागल्या. काही हवं असलं की टाळी वाजवत. घर इतकं शांत झालं, की काळीपिवळीचे ड्रायव्हर बाहेरून हाक मारण्याआधी थबकायचे.

एका सकाळी मामाजींचा फोन आला. त्यांनी मला आपण होऊन कधी फोन केल्याचं मला आठवत नव्हतं.

'जावईबापू, तिचा आवाज गाठीत नाई.'

मी तसाच निघालो. पोचलो तेव्हा पडद्यावर लाल मोटार उभी होती आणि इंग्रज एकटाच बोलत होता. सासूबाईंनी मला पाहून टाळी वाजवली आणि चहाला आत गेल्या. मामाजी हळू आवाजात म्हणाले, 'इतक्या खेपा भरला आपण. एक तरी असन ना? कालपासून उघडून पाहून राह्यलो. हाच बोलते.'

इतके दिवस जे दहादा सांगितलं होतं, ते त्या दिवशी माझ्याच्याने सांगवेना. तरी सांगितलं. खिडकी बंद केली की ते झाडून टाकत होतं.

'रोज?'

'रोज.'

'मी शिस्तीनं बंद करत होतो ना,' मामाजी म्हणाले. त्यांचे दोन्ही पंजे गुडघ्यांवर होते, आणि ज्या हातांनी आयुष्यभर पट्ट्या आवळल्या त्यांना आता काय धरावं ते कळत नव्हतं. मग त्यांनी मान वर केली. 'आन ज्या दिवशी लाइन गेली, त्या दिवशी कोनं झाडलं?'

लाइन गेली की यंत्रच मरतं. झाडायला कोण उरणार? एरवी यंत्र ती खोली दाखवत नाही. मी लपलेल्या फाइली दाखवण्याच्या चौकटीत खूण केली आणि ती खोली उघडली. पडदाभर फोल्डर होते, विचित्र नावांचे, एकाखाली एक. जितक्यांदा ऐन खेळात अंधार झाला होता, तितके. दर दिवाळीला मी या यंत्रातला कचरा काढून देतो म्हणत आलो होतो आणि दर दिवाळीला मामाजींनी मला हात लावू दिला नव्हता. वीज कंपनीचे आणि एका हट्टी माणसाचे आभार एकाच दमात मानण्याची वेळ माझ्यावर पूर्वी कधी आली नव्हती.

पहिलाच फोल्डर उघडला. आवाजाची एक फाइल वाजवली. आधी खरखर, मग कुकरची शिट्टी, आणि मग: 'डावीकडं म्हनलं तं डावीकडंच. लगीन झालं तवापासून सांगून राह्यली मी.'

आतून बशी ठेवल्याचा आवाज आला. सासूबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी गळ्याच्या पट्टीवर हात ठेवला, पडद्याकडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं, आणि खांदे हलेपर्यंत हसल्या, काहीही न वाजता. मग हातानेच खूण केली: आवाज बारीक करा, शेजारी ऐकतील. मामाजींनी त्यांचं ऐकलं नाही अशी ही काही पहिली वेळ नव्हे. पण त्या दिवशी त्यांनी बटण उलटं, आवाज मोठा होईल असं फिरवलं.

मी सगळे आवाज गोळा केले. 'दाबून एकाच फाइलीत करून देऊ का, मामाजी? एका सीडीत मावेल.'

'नोको,' मामाजी म्हणाले. 'दाबू नोका. किती जागा लागन ते लागू द्या.'

मोटारीचा खेळही त्या दिवशी त्यांनी गाठीतून पुरता सोडवू दिला आणि मी ते आवाज त्यात कायमचे बसवले. अजून ते यंत्र चालतं. मी गेलो की शेजारी बसून पाहतो. बाकीच्या मोटारी केव्हाच पुढे निघून गेलेल्या असतात, वेळ संपत आलेली असते, आणि मामाजी सावकाश येतात, वळण नीट पाहतात, आणि ते चुकतात. कारण सासूबाईंची सगळ्यात लांब वाक्यं चुकलेल्या वळणांवरची आहेत. कधी एकच वळण ते तीन-तीनदा चुकतात. सासूबाई मेथी निवडत बाजूच्या खुर्चीवर बसलेल्या असतात. मोटार वळणाशी आली की त्यांचे हात थांबतात, आणि यंत्रातला आवाज यायच्या जरा आधी त्यांचे ओठ हलू लागतात.