डोक्यातल्या गाठी आणि ताटातलं वरण

आण्णांचा उजवा हात थरथरायला लागला तेव्हा घरात कुणालाच काळजी वाटली नाही. आण्णा म्हणजे माझे वडील. ते एसटीत कंडक्टर होते. नोकरीभर त्यांच्या हातात तिकिटाला भोक पाडायचा लोखंडी चिमटा असायचा आणि तिकीट नसलं तरी तो टकटक वाजत राहायचा. निवृत्तीनंतर टीव्हीसमोर बसल्या बसल्या त्यांचा अंगठा बोटावर घासायला लागला, तेव्हा आई म्हणाली, "सिल्लोड गाडी सुटली वाटतं." आण्णा टीव्हीवरची नजर न काढता म्हणाले, "जागा नाय. मागं सरका." या विनोदावर आम्ही बरेच महिने काढले.

पुढं त्यांना शर्टाची बटणं लावायला वेळ लागू लागला, चालताना पाय घासू लागला, तेव्हा मी त्यांना मेंदूच्या डॉक्टरांकडं नेलं. आई बरोबर आली. मी वाळूजच्या एका कारखान्यात तपासणी विभागात आहे. माप घेतल्याशिवाय कशावर विश्वास ठेवायचा नाही ही माझी नोकरी आहे आणि घरच्यांच्या मते माझा आजारही. म्हणून मी डॉक्टरांना खूप प्रश्न विचारले. त्यांनी बिचाऱ्यांनी सगळ्यांची उत्तरं दिली, आणि घोटाळा तिथूनच सुरू झाला.

डॉक्टर म्हणाले, शरीरातली प्रत्येक पेशी सतत प्रोटीन बनवत असते. प्रोटीन म्हणजे एक लांब धागा. त्याची नीट घडी बसली तर ते कामाचं. घडी चुकली की ते चिकट होतं, दुसऱ्या चुकलेल्याला धरतं, आणि गाठ होते. पेशी अशा गाठी साफ करत असते. वयाबरोबर ती साफसफाई मागं पडते, आणि या आजारात, म्हणजे कंपवातात, मेंदूतल्या काही पेशींत तसल्या गाठी साचलेल्या दिसतात. मग त्यांनी गोळ्या लिहून दिल्या आणि उठता उठता म्हणाले, "ही गोळी जेवणाआधी अर्धा तास घ्या. प्रोटीनच्या जेवणासोबत नको, नाहीतर आत जाताना दोघांची एकाच दारात गर्दी होते."

आई पर्स मांडीवर धरून ऐकत होती. घरी आल्यावर तिनं स्वयंपाकघरात माझ्या बायकोला विचारलं, "प्रोटीन म्हंजे काय काय गं?"

माझी बायको शाळेत शिकवते. प्रश्न आला की पूर्ण उत्तर देते. "सगळ्या डाळी, आई. मटकी, दूध, दही, अंडी, शेंगदाणे."

संध्याकाळी आण्णांच्या ताटात भाकरी, कूट न घातलेलं वांगं आणि चिंचेचं पाणी घातलेला भात होता.

"वरण?" आण्णांनी विचारलं.

"संपलं."

"कधी संपलं?"

"आजपासून."

मी आईला समजावायला गेलो की डॉक्टरांनी फक्त गोळीच्या वेळेबद्दल सांगितलंय, प्रोटीन बंद करायला नाही. आई म्हणाली, "डोक्यात कशाच्या गाठी झाल्यात म्हणला तो?" प्रोटीनच्या, मी म्हणालो. "मग झालं की." आता इथं थांबायला हवं होतं. पण अर्धवट माहिती माझ्याच्यानं सहन होत नाही. मी म्हणालो, "आई, तसं पाहिलं तर ज्वारीतही थोडं प्रोटीन असतंच." आईनं आण्णांच्या ताटातल्या भाकरीकडं पाहिलं. आण्णांनी भाकरीवर तळहात ठेवला. बायकोनं टेबलाखालून माझ्या पायावर पाय दिला.

भाकरी वाचली. बाकी सगळं गेलं. आमचं मूळ गाव पाचोडकडचं. आमच्याकडं वरणाशिवाय जेवण म्हणजे नुसतं तोंड हलवणं. आम्हा बाकीच्यांसाठी डाळ शिजायची, आणि लसणाची फोडणी बसली की आण्णा हॉलमधून उठून स्वयंपाकघराच्या दारात खुर्ची ओढून बसायचे.

"तिकडं बसा की," आई म्हणायची.

"वासात प्रोटीन नसतं ना? मग बसू दे."

मी डॉक्टरांना फोन केला. पुढच्या भेटीत त्यांनी आईला समोर बसवून स्पष्ट सांगितलं, की वरण द्या, दूध द्या, फक्त वेळ सांभाळा. आण्णांचं वजन अडीच किलोनं उतरलं होतं. या वयात अंगातला मांसल भाग गेला तर तोल जातो, माणूस पडतो, आणि पडलेला माणूस लवकर उठत नाही, हेही त्यांनी सांगितलं. आईनं प्रत्येक वाक्याला मान हलवली. घरी आल्यावर ताटात पुन्हा चिंचेचं पाणी.

"डॉक्टरनं सांगितलं ना आता?" मी विचारलं.

"डॉक्टर सांगतो. वाढायचं मला असतं."

मग माझी मुलगी पुढं सरसावली. ती इथल्याच विद्यापीठात जीवरसायनशास्त्रात एमएस्सी करते. तिनं आजीला शेजारी बसवून सांगितलं की खाल्लेली डाळ डाळ म्हणून डोक्यात जातच नाही. पोटात तिचे बारीक बारीक तुकडे होतात, आणि शरीर त्या तुकड्यांतून आपल्याला हवं ते नवं प्रोटीन बनवतं. आजोबांच्या पेशींत ज्या प्रोटीनच्या गाठी आहेत ते पेशीनं स्वतः बनवलेलं आहे.

आईनं विचार केला. "पाचोडची माणसं घर सोडून एकएकटी शहरात आली," ती म्हणाली. "कुणी कंपनीत, कुणी रिक्षावर. सगळी पांगली म्हण. आता मुकुंदवाडीत जाऊन बघ, एका गल्लीत सगळं पाचोड भरलंय. तुकडं झालं म्हणून काय झालं? पुन्हा जमत नसतील कशावरून?"

नंतर मुलगी मला म्हणाली, "बाबा, आमच्या विभागात कुणी इतका चांगला प्रश्न विचारत नाही."

दरम्यान कॉलनीतल्या बायकांकडून आईला नवी बातमी लागली होती, की उपाशी राहिलं म्हणजे पेशी आपलाच कचरा खाऊन टाकतात. तिनं नातीला विचारलं. नात माझ्यासारखीच, खरं सांगितल्याशिवाय राहवत नाही. ती म्हणाली, "तसं होतं, आजी. बाहेरून अन्न मिळालं नाही की पेशी आतलं जुनंपानं मोडून वापरते. पण ते जास्त करून उंदरांत आणि त्याहून लहान जिवांत पाहिलेलं आहे. वजन उतरलेल्या म्हाताऱ्या माणसाला उपाशी ठेवा असं कुणी म्हटलेलं नाही."

आईनं यातलं पहिलं वाक्य ठेवलं. एकादशीला आण्णांचा उपास ठरला.

आण्णांनी आनंदानं होकार दिला, कारण आमच्याकडं उपास म्हणजे साबुदाण्याची खिचडी, आणि त्यांनी उपास कधी खिचडीपासून वेगळा धरलेला नव्हता. सकाळची गोळी वेळेवर घेऊन ते अर्धा तास घड्याळाकडं बघत बसले. गोळीच्या वेळा त्यांना एकदम पटल्या होत्या. त्यांच्या मते ही डॉक्टरकडची एकमेव गोष्ट होती जी डेपोत शिकवतात. अर्धा तास झाला आणि ताट आलं.

ताटात खिचडी नव्हती. एक गोळा होता. पांढरा, चकाकणारा, मुठीएवढा, त्यात दोन मिरच्या अडकलेल्या. आईच्या हातची खिचडी आमच्या सगळ्या नातेवाइकांत नावाजलेली आहे; दाणा न् दाणा सुटा. पण आज तिनं शेंगदाण्याचं कूट घातलं नव्हतं. शेंगदाणे बंद होते ना.

आण्णांनी चमचा लावला. हात थरथरत होता, चमचा गोळ्यावर टकटक करू लागला. मग त्यांनी जोर लावला आणि गोळा अख्खा उचलला गेला. चमच्याच्या टोकाला तो क्षणभर लटकला आणि परत ताटात बसला, जसा होता तसा.

"हा इथं कसा आला?" आण्णा म्हणाले. "हा तर माझ्या डोक्यात होता ना?"

मला हसू आलं, मुलीलाही आलं. आई हसली नाही. ती आण्णांच्या समोरच्या खुर्चीवर बसली आणि आमच्याकडं न बघता म्हणाली, "एवढी वर्षं मीच वाढलं ना यांना. सकाळ-संध्याकाळ वरण. नको म्हणले तरी अजून एक पळी घालायची. ते सगळं जाऊन तिथं बसलं."

एवढे दिवस मी तिला गोळीच्या वेळा समजावत होतो. ती भलत्याच गोष्टीला घाबरली होती. तिला वाटत होतं की आण्णांचा आजार तिच्या पळीतून गेलाय.

मग मुलगी उठली, तिनं ते ताट आजीपुढं सरकवलं आणि म्हणाली, "आजी, हा गोळा सुटेल का?"

"न सुटायला काय झालं?" आईला तशाही मनःस्थितीत राग आला. "पण कूट लागंल."

"आण कूट. सोडवून दाखव."

आईनं आधी माझ्याकडं पाहिलं, मग शेंगदाण्याच्या कुटाचा डबा काढला. थोडं पाण्याचं बोट फिरवलं, गोळ्याची एक कड चिमटीत धरली, दोन दाणे ओढून काढले, त्यांवर कूट भुरभुरलं. मग पुढचे दोन.

"मधून का नाही फोडत?" मुलीनं विचारलं.

"मधून दाबलं तर लगदा होतो. कडंनं घ्यायचं."

"पेशीतही असंच करतात. काही प्रोटीनं दुसऱ्यांच्या मदतीलाच असतात. ती गाठीच्या कडेला धरतात, एखादं टोक सापडलं की तिथून धागा ओढून काढतात. सुटलेल्या धाग्याला पुन्हा नीट घडी घालायची संधी मिळते. नाहीच जमलं, तर त्याच्यावर खूण चिकटवतात आणि त्याला बारीक करणाऱ्या यंत्रात पाठवतात. तुकडे परत कामाला येतात." तिनं ताटाच्या तळाशी कढईचं करपलेलं एक ढेकूळ दाखवलं. "याचं काय करणार?"

"ते काय सुटणार? कागदात बांधून घंटागाडीत."

"तिथंही तेच. जे सुटत नाही त्याच्याभोवती पिशवी तयार होते, आणि ती पिशवी जिथं सगळं विरघळतं तिथं नेऊन ओततात."

"मग यांच्या डोक्यातलं का नाय नेलं?"

"आपल्या शहराचा कचरा एका वर्षी रस्त्यावर पडून राहिला होता, आठवतं? तेव्हा काय लोक जास्त जेवत होते? कचरा नेहमीएवढाच होता, उचलणं थांबलं होतं. पेशीतही कचरा रोजच होतो. तुझ्याही होतो, माझ्याही. आजोबांच्यात उचलणं मागं पडलं. का पडलं ते अजून कुणाला पुरतं कळलेलं नाही. पण तुझ्या वरणानं पडलं नाही, एवढं नक्की."

आईचा हात चालूच होता. ताटात आता अर्धी खिचडी सुटी झाली होती.

"आणि आजी, ही मदतीला येणारी मंडळी, ते बारीक करणारं यंत्र, हे सगळं कशाचं असतं? प्रोटीनचंच. शरीर ते खाल्लेल्या तुकड्यांतूनच बनवतं. तू वरण बंद केलंस म्हणजे कचरा कमी नाही केलास. झाडूवाल्यांचा शिधा बंद केलास."

इथं मला सांगायचं होतं की याचा अर्थ जास्त डाळ खाल्ल्यानं जास्त सफाई होते असा मुळीच नाही, आणि गोळ्यांनीही गाठी जात नाहीत, त्या फक्त मेंदूत कमी पडलेलं एक रसायन भरून काढतात. पण बायकोचा पाय टेबलाखाली कुठं आहे याचा मला अंदाज आला. हे मी दुसऱ्या दिवशी सांगितलं. कुणी ऐकलं नाही.

आईनं सुटी खिचडी आण्णांपुढं ठेवली. "खा," ती म्हणाली.

आण्णांनी चमचा बाजूला ठेवून हातानं घास घेतला. "आता ही आपली खिचडी," ते म्हणाले. "अन् उद्या?"

"उद्याचं उद्या."

दुसऱ्या दिवशी बारस. आण्णांनी गोळी घेतली, अर्धा तास थांबले आणि वेळ झाल्याबरोबर हाक मारली, "चला, गाडी सुटली." आईनं ताट आणलं. वाटीत वरण होतं, नेहमीपेक्षा घट्ट. थरथरत्या हातातून सांडू नये म्हणून तिनं तसं केलं होतं, पण बोलली नाही. आण्णांनी भाकरीचा तुकडा बुडवला, चावला आणि थांबले.

"काय झालं?" आईचा चेहरा उतरला.

"गुठळ्या राहिल्यात वरणात."

आईनं वाटी उचलली. "एवढंच ना? त्या मला काढता येतात," ती म्हणाली आणि आत गेली. स्वयंपाकघरातून रवीचा आवाज येऊ लागला. जरा जास्तच वेळ येत राहिला. इकडं आण्णांचं बोट अंगठ्यावर टकटक करत होतं, आणि आम्ही सगळे वरणाची वाट बघत बसलो होतो.